ओझं, तोल आणि पायाखालची जमीन

पाऊलवाट (धागाकर्ता)

शुभांशु शुक्ला जुलै २०२५ मध्ये अंतराळ स्थानकावरून परतले. त्यानंतर त्यांनी सांगितलेल्या दोन गोष्टी मी वर्गात हमखास सांगतो. फोटो काढायला त्यांनी फोन मागून घेतला, तर तो हातात जड लागला. आणि पलंगावर बसून काम करताना त्यांनी लॅपटॉप मिटला आणि तो तिथेच तरंगत राहील अशा सवयीने बाजूला सोडून दिला. खाली गालिचा होता म्हणून निभावलं. स्थानकावरचा मुक्काम अठरा दिवसांचा. सोडलेली वस्तू खाली पडते हे आपण रांगायच्या वयापासून शिकत आलेलो असतो, आणि शरीर ते तेवढ्या दिवसांत बाजूला ठेवू शकतं.

मी अकरावी-बारावीला भौतिकशास्त्र शिकवतो. 'तिथे गुरुत्वाकर्षण नसतं' हे उत्तर दरवर्षी येतं. स्थानक जमिनीपासून सुमारे ४०० किलोमीटर वर आहे. तिथे पृथ्वीची ओढ इथल्या जवळजवळ नव्वद टक्के असते. तरी आतली माणसं तरंगतात, कारण माणसं आणि स्थानक सगळंच एकत्र पडत असतं. ताशी सुमारे २८,००० किलोमीटर वेगाने पुढे जाता जाता ते जितकं खाली येतं, तितकीच पृथ्वीची गोलाई खालून वळत जाते. त्यामुळे पडणं चालूच राहतं आणि जमीन काही येत नाही.

यात आपल्या रोजच्या जगण्याचं मोठं गुपित आहे असं मला मनापासून वाटतं. पृथ्वी आपल्याला ओढते ते आपल्याला कधीच थेट कळत नाही. ती शरीराच्या कणाकणाला सारखीच ओढते, त्यामुळे आत कुठे ताण येत नाही. आपल्याला वजन म्हणून जे कळतं ते येतं आपल्याला अडवणाऱ्या गोष्टीकडून. उभं राहिलो की तळव्यांना, बसलो की मांड्यांना, आडवं झालो की खांद्यांना. विहिरीत उडी मारल्यावर पाण्याला लागेपर्यंत पोटात जो गोळा येतो, त्या क्षणी ओढ पूर्ण असते. गेलेला असतो तो आधार.

म्हणून मी मुलांना सांगतो, वजनाचा अभ्यास करायचा तर 'कोण ओढतंय' याच्याइतकंच 'कोण पेलतंय' हे बघा. तळव्याने पेललेलं घोट्याकडे, घोट्याने पेललेलं गुडघ्याकडे, तिथून कंबरेकडे. आणि शरीराच्या बाहेर पाहिलं तर एकाचं ओझं दुसऱ्याच्या डोक्यावर. ओझं हवेत विरत नाही. ते कुणी ना कुणी, कशाने ना कशाने पेललेलंच असतं.

इथे वेगवेगळ्या कामांतली माणसं आहेत. तुमच्या कामात वजन कसं भेटतं ते वाचायला मला फार आवडेल. सविस्तर लिहा, लांबलं तरी चालेल.

---

निशिगंधा

सुंदर धागा. एक शंका. आमच्या इमारतीची लिफ्ट वर निघताना क्षणभर पाय जड होतात आणि वर थांबायच्या आधी एकदम हलकं वाटतं. जत्रेतल्या आकाशपाळण्यात वरून खाली येताना तर जीव घशाशी येतो. हे सगळं याच हिशोबातलं का?

---

पाऊलवाट

निशिगंधा ताई, अगदी त्याच हिशोबातलं. घरचा वजनकाटा लिफ्टमध्ये नेऊन बघा, मुलांनाही मजा येईल. साठ किलोचा माणूस असेल आणि लिफ्टने निघताना वेग दर सेकंदाला एक मीटर प्रति सेकंदाने वाढवला, तर काटा तेवढ्यापुरता सहासष्टच्या आसपास जातो. थांबताना तसाच वेग कमी केला तर चोपन्नला येतो. मधल्या मजल्यांवर लिफ्ट एकसारख्या वेगाने जात असते तेव्हा साठच. वेग कितीही असला तरी शरीराला त्याचं काही वाटत नाही, त्यातला बदल मात्र लगेच कळतो.

हे कळण्यासाठी आतल्या कानात खास सोय आहे. एका मऊ पडद्यावर कॅल्शियम कार्बोनेटचे अगदी बारीक खडे बसलेले असतात. डोकं कललं किंवा वेग बदलला की ते किंचित सरकतात आणि खालचे केसांसारखे तंतू वाकतात. डोळे मिटूनही खाली कुठे आहे हे आपल्याला कळतं त्यात या खड्यांचा मोठा वाटा आहे.

---

घाटवाट

आमच्या ट्रेकर मंडळींचं तर सगळं आयुष्यच यावर चाललंय. आतकरवाडीतून सिंहगड चढायचा म्हणजे साधारण ६०० मीटरचा चढ धरा. सॅकसकट ७० किलो असाल तर ते वजन तेवढं उचलायला लागणारी ऊर्जा निघते सुमारे शंभर किलोकॅलरी. पण स्नायू त्यासाठी चारपाचपट खर्च करतात, उरलेली सगळी उष्णता. वर पोचल्यावर शर्ट पिळून निघतो तो यामुळे. आणि वरचं पिठलं-भाकरी-ठेचा आणि मडक्यातलं दही मग अंगाला लागतं ते असं.

खरी गोष्ट पुढे आहे. नवे लोक चढाला घाबरतात आणि उताराला निर्धास्त असतात. उताराला दम लागत नाही हे खरं, पण मांडीचे स्नायू प्रत्येक पावलाला ताणले जात असतानाच वजन धरून ठेवत असतात. स्नायूंचे तंतू दुखावतात ते या कामात. दोन दिवसांनी घरचा जिना उतरताना जे कळतं ते सगळं उतरणीचं असतं. गुडघ्याचंही तसंच. नव्याने मिळालेल्या सगळ्यांना मी पहिल्यांदा उतरायला शिकवतो: पावलं आखूड, गुडघा किंचित वाकलेला, टाच आपटायची नाही, काठी हातात.

---

मीरा_फिजिओ

घाटवाट यांनी गुडघ्याचा विषय काढला म्हणून लिहितेय. सांधा बदलताना आत बल मोजणारे सूक्ष्म यंत्र बसवून जर्मनीत मोजमापं झाली आहेत. सपाटीवर चालताना गुडघ्यावर शरीराच्या वजनाच्या सुमारे अडीचपट भार येतो, जिना उतरताना साडेतीनपटीच्या आसपास. जास्तीचा भार स्नायूंच्या ओढीमुळे येतो. शरीर सरळ ठेवायला स्नायू ओढतात आणि ती ओढही सांध्यालाच पेलावी लागते.

कंबरेचं गणित याहून कठीण आहे. वाकून समोरची वीस किलोची वस्तू उचलली असं धरा. ती मणक्यापासून चाळीस सेंटिमीटर पुढे आहे. तिला तोलणारे पाठीचे स्नायू मणक्याच्या मागे जेमतेम पाच सेंटिमीटरवर आहेत. तरफेच्या नियमाने स्नायूंना आठपट ओढावं लागतं, म्हणजे त्या एका वस्तूपोटी एकशेसाठ किलोची ओढ, आणि वाकलेल्या धडाचं वजन त्यात धरलेलंच नाही. हे सगळं कंबरेच्या खालच्या मणक्यांमधल्या चकत्यांवर येतं. 'वाकू नका, बसून उचला' असं आम्ही सांगतो त्याच्या पोटात खरं म्हणणं असं आहे की वस्तू अंगाला लावून उचला. चाळीसचे वीस सेंटिमीटर केलेत तर ओढ निम्मी होते. बाळाला पाळण्यातून उचलणाऱ्या आईपासून गॅस सिलिंडर हलवणाऱ्यापर्यंत सगळ्यांना हे लागू आहे.

या चकत्या दिवसभराच्या भाराने दबतात, त्यांच्यातलं पाणी थोडं बाहेर जातं. रात्री आडवं झालं की त्या पाणी परत ओढून घेतात. सकाळी उठल्यावर माणूस संध्याकाळपेक्षा सेंटिमीटरभर उंच भरतो, कधी थोडा जास्तच.

आता दुसरी बाजू. भार नसणं हेही शरीराला परवडत नाही. अंतराळवीरांच्या खुब्याच्या हाडांची घनता व्यायाम नसेल तर महिन्याला एक ते दीड टक्क्याने घटते, म्हणून ते तिथे रोज सुमारे दोन तास पट्ट्यांनी स्वतःला खाली ओढून धावतात, वजनासारखा विरोध देणाऱ्या यंत्रावर जोर काढतात. इथे पृथ्वीवर महिनाभर अंथरुणावर पडलेल्या माणसाचं तेच होतं. हाडावर भार आला की हाड भरत राहतं, भार काढून घेतला की शरीर ते हाड मोडीत काढतं. टेनिसपटूच्या खेळायच्या हाताचं हाड दुसऱ्या हातापेक्षा जाड असतं ते यामुळेच. माझ्याकडे येणाऱ्या प्रत्येक आजीला मी हे सांगते, कारण 'आता आराम करा' हे वाक्य त्यांना सगळे जण ऐकवत असतात.

---

सोनतोळा

आमचा पिढीजात सराफी धंदा. वजन आमच्यासाठी श्रद्धेचा विषय आहे, म्हणून थोडं लिहितो.

आजोबांकडे काचेच्या पेटीतला दांडीचा तराजू होता. एका पारड्यात गुंजा, नंतर ग्रॅमची वजनं, दुसऱ्यात सोनं. त्या तराजूला पृथ्वीच्या ओढीने फरक पडत नाही. दोन्ही पारडी सारखीच ओढली जातात, त्यामुळे तो चंद्रावरही बरोबर तोलेल. आताचा इलेक्ट्रॉनिक काटा मात्र खाली किती दाब आला ते मोजतो, आणि तो दाब गावोगाव थोडा बदलतो. पृथ्वी विषुववृत्तापाशी फुगलेली आहे आणि फिरतेही, त्यामुळे विषुववृत्ताहून ध्रुवाकडे जाताना वजन सुमारे अर्ध्या टक्क्याने वाढतं. पुण्यात जुळवलेला काटा तसाच दिल्लीला नेला तर १०० ग्रॅम सोन्यामागे सत्तर-ऐंशी मिलिग्रॅम जास्त दाखवेल. सोन्यात ही रक्कम छोटी नाही. म्हणून काटा जिथे वापरायचा तिथेच प्रमाणित वजन ठेवून जुळवायचा असतो, आणि वैधमापनचा शिक्का वेळच्या वेळी करून घ्यायचा असतो. गिऱ्हाइकाने तो शिक्का बघायला मागितला तर मला आनंदच होतो.

---

रविवारपेठ

मी बराच काळ वाचतोय, लिहितो क्वचित. पण धागाकर्त्याचं 'कोण पेलतंय' हे वाचून लिहावंसं वाटलं.

वडील आयुष्यभर हमाली करत होते. गूळ, साखर, धान्य. त्यांच्या उमेदीच्या काळात क्विंटलचं पोतं सर्रास होतं. दोघं जण पोत्याचे कान धरून उचलायचे, तिसरा पाठ देऊन खाली शिरायचा, आणि पोतं मानेच्या खाली दोन्ही खांद्यांच्या मध्ये बसलं की मगच हात सोडायचे. डोक्यावरून पाठीवर गोणपाटाची खोळ. पोतं कुठे बसतं यावर सगळं असतं. चार बोटं खाली बसलं तर कंबर जाते, वर बसलं तर मान. ट्रकला लावलेली फळी पायाखाली लवते, तेव्हा पाऊल फळीच्या तालावर टाकावं लागतं, घाई केली की तोल गेलाच. मी कॉलेजात असताना सुट्टीत हे काम केलंय. पोतं पाठीवर घेऊन सरळ चालणं जमतं, वळणं लवकर जमत नाही, कारण आपण वळलो तरी पोतं सरळच जायला बघतं.

आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेने १९६७ साली शिफारस केली की एका प्रौढ पुरुषाने हाताने वाहायचं वजन ५५ किलोच्या वर नसावं. आपल्याकडे १९६९ साली माथाडी कायदा आला. पुण्यात बाबा आढावांनी हमाल पंचायत उभी केली, मुंबईत अण्णासाहेब पाटलांनी माथाडींना एकत्र आणलं. आज पन्नास किलोचं पोतं सगळीकडे दिसतं ते आपोआप झालेलं नाही. त्यामागे माणसांनी दिलेले लढे आहेत. वडिलांचे गुडघे आणि मान शेवटच्या वर्षांत पार गेली होती. पोतं निम्मं झाल्यावर कामावर आलेल्या त्यांच्या पुतण्याचे साठीतही ठीक आहेत. एका घरातली ही दोन उदाहरणं आहेत, यावरून सिद्धांत मांडत नाही. पण आमच्या घरात पन्नास किलो या आकड्याचा अर्थ प्रत्येकाला कळतो.

---

घाटवाट

रविवारपेठ दादा, प्रतिसाद वाचून बराच वेळ काही लिहवलं नाही. धन्यवाद.

---

मीरा_फिजिओ

रविवारपेठ, 'वळणं लवकर जमत नाही' हे तुम्ही एका ओळीत जे लिहिलंय ते शिकवायला आम्हाला तास लागतो. मणक्याला सर्वांत वाईट काय तर भारासकट पिळणं. दादा, पावलं फिरवून वळायचं, कंबरेतून नाही, हे तुमच्या वडिलांना कुणी शिकवलं होतं की अनुभवाने आलं?

---

रविवारपेठ

जुन्या हमालांनी शिकवलं. पहिले काही दिवस नव्या माणसाला नुसतं रिकाम्या हाताने फळीवरून चालवायचे.

---

माहुली_पायथा

माझं गाव शहापूर तालुक्यात. मुंबईला पाणी देणारी तानसा, मोडकसागर, मध्य वैतरणा, भातसा ही धरणं आमच्याच आसपास आहेत. तानसा तर १८९२ सालचं. तानसा-वैतरणेचं पाणी बरंचसं उतारानेच मुंबईकडे वाहत जातं. धरण उंचावर, शहर समुद्रसपाटीला, बाकी काम पृथ्वी करते. शंभर वर्षांहून जास्त काळ हे चालू आहे आणि अभियांत्रिकी म्हणून ते खरोखर मोठं काम आहे.

आता माझ्या मावशीच्या पाड्यावर या. पाडा धरणाच्या पातळीच्या वर, टेकाडावर. एप्रिल-मे मध्ये विहीर आटते. टँकर आला की पाणी विहिरीत सोडतात आणि बायका पोहऱ्याने ते वर ओढतात. डोक्यावर चुंबळ, चुंबळीवर हंडा, हंड्यावर कळशी, काखेत आणखी एक. भरलेला हंडा पंधरा-वीस किलोचा. ज्या उताराने पाणी शहराकडे फुकट जातं, तोच उतार मावशी रोज उलट चढते.

डोक्यावरून ओझं नेणं सोपं असतं असं शहरात म्हणतात. मी स्वतः नेलंय. चालणं सोपं जातं हे खरं, कारण वजन सरळ पायांवर उतरतं. कठीण असतं ते चढवणं आणि उतरवणं. एकटी बाई भरला हंडा डोक्यावर घेते तेव्हा आधी तो मांडीवर टेकवते, मग खांद्याशी, मग एका झटक्यात वर. मीरा ताईंनी सांगितलेला चाळीस सेंटिमीटरचा हिशोब त्या झटक्यात असतो. म्हणून विहिरीवर बायका एकमेकींना हात देतात. एकटीला जायला नको म्हणून सगळ्या बरोबर जातात.

---

पाऊलवाट

माहुली ताई, तुमचा प्रतिसाद मी वर्गात वाचून दाखवणार आहे, परवानगी गृहीत धरू का?

डोक्यावरच्या ओझ्यावर संशोधन झालंय. केनियातल्या लुओ आणि किकुयू बायकांवरचा अभ्यास १९८६ साली प्रसिद्ध झाला. आपल्या वजनाच्या वीस टक्क्यांपर्यंतचं ओझं त्या जवळजवळ जास्तीची ऊर्जा न लागता वाहतात असं त्यात दिसलं. २००५ साली नेपाळच्या हमालांवर काम झालं. कपाळाला पट्टा लावून, पाठीवर डोको नावाची टोपली घेऊन नामचे बाजारपर्यंत जाणारे पुरुष सरासरी आपल्या वजनाच्या नव्वद टक्क्यांच्या आसपास ओझं नेताना आढळले. या अभ्यासांचा दाखला देऊन लोक म्हणतात, 'बघा, त्यांना सवय असते.' मला हे म्हणणं अजिबात पटत नाही. प्राणवायू किती लागला हे मोजलं म्हणजे मानेच्या मणक्यांचं काय झालं हे मोजलं असं होत नाही.

एक हिशोब देतो. वीस लिटरचा हंडा ५० मीटर उंच चढवायला ९,८०० ज्यूल लागतात. विजेच्या एका युनिटमध्ये ३६ लाख ज्यूल असतात. पंप आणि पाइपात निम्मी ऊर्जा वाया गेली असं धरलं तरी एका युनिटमध्ये सुमारे १८० हंडे वर चढतात. एक युनिट. पाड्यावर नळ न पोचण्याचं कारण पृथ्वीची ओढ आहे असं कुणी सांगितलं तर हा आकडा त्यांच्यापुढे ठेवा.

---

माहुली_पायथा

परवानगी आहे सर. गावाचं नाव मात्र घेऊ नका. आणि तो १८० चा आकडा मी ग्रामसभेत सांगणार आहे.

---

चाळीसगावकर

इतक्या जड प्रतिसादांनंतर थोडा वेगळा धागा जोडतो. आमच्या चाळीसगावजवळच्या पाटण्याला, पाटणादेवीच्या परिसरात, भास्कराचार्यांच्या नातवाने, चांगदेवाने, आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी मठ काढल्याचा शिलालेख आहे. भाऊ दाजी लाडांनी तो उजेडात आणला. भास्कराचार्यांनी ११५० साली सिद्धांतशिरोमणी लिहिला. त्यातल्या गोलाध्यायात पृथ्वी आपल्या शक्तीने आकाशातली जड वस्तू स्वतःकडे ओढते, म्हणून ती पडल्यासारखी दिसते, असं स्पष्ट म्हटलंय. आणि पुढे विचारलंय, पृथ्वीच्या चहूकडे आकाश सारखंच आहे, मग ती स्वतः कुठे पडणार?

---

सह्यकडा

म्हणजे न्यूटनच्या पाचशे वर्षं आधी आपल्याकडे गुरुत्वाकर्षणाचा शोध लागला होता. हे पाठ्यपुस्तकात मोठ्या अक्षरात यायला हवं.

---

पाऊलवाट

सह्यकडा, भास्कराचार्य पाठ्यपुस्तकात यायलाच हवेत, पण जे त्यांनी सांगितलं त्यासाठी. न्यूटनने १६८७ साली जे मांडलं त्याचा गाभा असा की चंद्राला धरून ठेवणारी आणि फळाला पाडणारी ओढ एकच आहे, आणि अंतर दुप्पट झालं की ती चौथाई होते. त्यातून ग्रहांचे मार्ग आकड्यांत काढता येतात. तो नियम गोलाध्यायात नाही. गोलाध्यायात जे आहे ते वेगळं आहे आणि मला ते फार मोलाचं वाटतं. तिथे 'वर' आणि 'खाली' या आपल्या जाणिवेचाच विचार केलाय. भास्कराचार्य म्हणतात, जो जिथे उभा असतो तो पृथ्वीला आपल्या खाली आणि स्वतःला तिच्या वर समजतो. पृथ्वीच्या पाव घेराच्या अंतरावरची माणसं एकमेकांना आडवी कल्पितात. अगदी पलीकडची माणसं पाण्याच्या काठी उभ्या माणसाच्या प्रतिबिंबासारखी, डोकं खाली. आणि तरी ती तिथे तशीच निवांत उभी असतात, जशी आपण इथे.

पलीकडची माणसं पडत का नाहीत, हा प्रश्न आजही प्रत्येक लहान मूल विचारतं. नऊशे वर्षांपूर्वी एका माणसाने त्याचं उत्तर देताना 'ती निवांत असतात' हेही आवर्जून लिहिलं. मी हे शिकवताना कधी घाई करत नाही.

---

सह्यकडा

हे श्लोक असे कधी समजून घेतले नव्हते. मूळ संस्कृतातून वाचायला सुरुवात करतो.

---

रातपाळी

मी परिचारिका आहे. वॉर्डात आमचं निम्मं काम या ओढीशीच असतं, म्हणून चार गोष्टी.

सलाइनची बाटली हाताच्या मीटरभर वर टांगतो, कारण तेवढ्या उंचीचा दाब शिरेतल्या दाबापेक्षा जास्त पडतो. नातेवाईक रुग्णाला संडासला नेताना बाटली खाली हातात धरतात आणि नळीत रक्त आलं की घाबरतात. बाटली उंच धरा, एवढंच.

रक्तदाब मोजताना हात हृदयाच्या पातळीला टेकवा. हात दहा सेंटिमीटर खाली लोंबत असेल तर आकडा सात-आठने जास्त येतो. घरी यंत्र आणून रोज चुकीच्या आकड्याने काळजी करणारे खूप जण मी पाहिलेत. उभ्या माणसाच्या पावलात हृदयापेक्षा नव्वद ते शंभरने जास्त दाब असतो. म्हणून दिवसभर उभं राहणाऱ्यांच्या, आमच्यासकट, पायांना सूज येते, शिरा फुगतात. पोटऱ्या हलल्या की रक्त वर ढकललं जातं. एका जागी उभं राहावं लागत असेल तर अधूनमधून टाचा उचला.

झोपेतून उठल्याबरोबर अर्धा लिटर किंवा जास्त रक्त पोटाकडे आणि पायांकडे उतरतं. तरुण शरीर लगेच शिरा आवळतं. म्हाताऱ्या माणसाला, त्यात रक्तदाबाची गोळी चालू असेल तर, वेळ लागतो आणि डोळ्यांपुढे अंधारी येते. आधी कुशीवर, मग पाय खाली सोडून दोन मिनिटं बसायचं, मग उभं राहायचं.

आणि जे कूस बदलू शकत नाहीत त्यांना स्वतःचं वजनच जखम करतं. माकडहाड, टाचा, खुबे. गादी आणि हाड यांच्यामध्ये कातडी दाबली गेली की तिथलं रक्त थांबतं. दर दोन तासांनी कूस बदलायची असते, रात्री दोनलाही. घरी आजारी माणसाचं करणाऱ्या सगळ्यांना माझा नमस्कार. ते काम कुणी बघत नाही.

---

सांजवेळ

रातपाळी ताई, मीरा ताई, एक विचारायचं होतं. माझी आई ७८ वर्षांची आहे. मागे न्हाणीघरात घसरून पडली. हाड मोडलं नाही, पण तेव्हापासून ती चालायलाच घाबरते. घरातल्या घरातही भिंत धरून. आम्हीही 'बसून राहा' म्हणतो. वरचे प्रतिसाद वाचून वाटतंय आमचं चुकतंय का? शिवाय पलंगावर कूस बदलली की तिला घर फिरल्यासारखं होतं, काही सेकंद. त्याचा याच्याशी संबंध असेल का?

---

निशिगंधा

सांजवेळ, आईंना लवकर बरं वाटो. मीरा ताई, एक छोटा प्रश्न माझाही: मुलीचं वजन २८ किलो आणि दप्तर पाच किलोच्या वर भरतंय. हे कितपत चालेल?

---

मीरा_फिजिओ

निशिगंधा, चालणार नाही. शासनाच्या २०१५ च्या निर्णयाप्रमाणे दप्तर मुलाच्या वजनाच्या दहा टक्क्यांच्या आत हवं, म्हणजे तुमच्या मुलीला २.८ किलो. दप्तर रोज तुम्ही स्वतः काट्यावर ठेवा आणि आकडा घेऊन शाळेत जा. दोन्ही पट्टे खांद्यावर, जड पुस्तकं पाठीच्या बाजूला.

सांजवेळ, तुमचे दोन्ही प्रश्न महत्त्वाचे आहेत. आधी घर फिरण्याचं. कूस बदलल्यावर काही सेकंद गरगरणं हे बऱ्याचदा आतल्या कानाच्या बीपीपीव्ही नावाच्या त्रासाचं लक्षण असतं. पाऊलवाट सरांनी वर सांगितलेल्या कानातल्या खड्यांपैकी काही सुटून शेजारच्या अर्धवर्तुळाकार नळीत जातात आणि डोकं हललं की तिथे घरंगळतात. यावर एप्ली नावाची पद्धत आहे. डॉक्टर डोकं ठरावीक क्रमाने वळवतात आणि खडे आपल्याच वजनाने घरंगळत नळीबाहेर येतात. कान-नाक-घसा तज्ज्ञाला दाखवून निदान पक्कं करून घ्या, कारण चक्कर येण्याची इतरही कारणं असतात. आई पडल्या त्यामागे हेच असू शकतं. रक्तदाब झोपून आणि उभं राहून असा दोन्ही वेळा मोजायलाही सांगा.

आता चालण्याचं. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजाने जगात दरवर्षी ६ लाख ८४ हजार माणसं पडल्यामुळे दगावतात, आणि त्यात साठीपुढचे सर्वांत जास्त. तुमची भीती खरी आहे. पण बसवून ठेवलं तर मांड्यांची ताकद आणि हाड दोन्ही जातात, आणि पुढचं पडणं जास्त महागात पडतं. तपासणी झाली की असं सुरू करा: आईंना स्वयंपाकघराच्या ओट्यासमोर उभं करा, दोन्ही हात ओट्यावर, मागे खुर्ची, शेजारी तुम्ही. टाचा उचलायच्या, खाली टेकवायच्या. मग खुर्चीतून हात न लावता उठायचा प्रयत्न. खुर्ची उंच घ्या, हवं तर खाली उशी ठेवा. हे जमलं की ओट्याला बोटं टेकवून एका पायावर जितका वेळ राहवेल तितका. न्हाणीघरात संडासाजवळ आणि आंघोळीच्या जागी भिंतीत पक्की दांडी बसवून घ्या. टॉवेलची दांडी चालणार नाही, ती वजनाने निघून येते. घसरणारी पायपुसणी उचला, रात्री वाटेवर छोटा दिवा ठेवा, पायात मागून पट्टा असलेली चप्पल.

त्यांना धरून चालवताना दंड पकडून वर ओढू नका. तुमचा हात आडवा पुढे करा आणि त्यांना तो धरू द्या.

---

सांजवेळ

उद्याच कानाच्या डॉक्टरांची वेळ घेते. दांडीसाठी गवंड्याला आत्ता फोन केला. भिंत विटेची आहे, त्याला विचारलं तर म्हणाला पूर्ण वजन पेलेल अशीच बसवून देतो.